छातींत पाणी होणें: कळ राहिली म्हणजे रोग गेला काय?

आमच्या खेड्यापाड्यांतील मंडळ्यांत "अमक्याच्या छातींत पाणी झालें" असें वरचेवर ऐकूं येतें. हें पाणी कोठून येतें व त्या वेळीं काय करावें, याविषयीं पुष्कळांच्या मनांत भय आहे आणि चुकीच्या समजुतीही आहेत. याकरितां उपदेशक बंधूंनीं मंडळीस वाचून दाखवावा म्हणून हा पाठ आम्ही देत आहों.

१. शरीराची रचना

उत्पन्नकर्त्यानें आपलीं फुप्फुसें बरगड्यांच्या पिंजऱ्यांत सुरक्षित ठेविलीं आहेत. फुप्फुसावर एक पातळ, गुळगुळीत पडदा असतो, व तसाच पडदा बरगड्यांस आंतून लागलेला असतो. ह्या दोन पदरांस मिळून फुप्फुसावरण म्हणतात. त्यांच्या मध्यें दोनतीन लहान चमचे पाणी असतें. गाडीच्या आंसास जसें वंगण, तसें हें पाणी होय. त्याच्या योगानें श्वासागणिक फुप्फुस सहज सरकतें. हें पाणी नित्य झिरपतें व नित्य शोषिलें जातें. झिरपणें वाढलें किंवा शोषण अडलें, म्हणजे तें सांचूं लागतें. कधीं कधीं तर दोन लिटरांहूनही अधिक सांचतें.

२. लक्षणें

प्रथम पडद्यांस सूज येते, त्यांचा गुळगुळीतपणा जातो व ते एकमेकांवर घासतात. मग श्वास घेतांना, खोकतांना, शिंकतांना कुशींत सुरी खुपसल्यासारखी कळ येते. पुढें मध्यें पाणी भरलें म्हणजे पडदे एकमेकांपासून दूर होतात आणि कळ कमी होते. येथेंच पुष्कळ जण फसतात. कोणी बिब्बा घातलेला असतो, कोणी डाग दिलेला असतो. कळ राहिली कीं त्याचाच गुण आला असें घरचीं माणसें म्हणतात. वस्तुतः आंत पाणी वाढत असतें. फुप्फुस दबतें, थोड्या श्रमानें दम लागतो, सायंकाळीं अंग तापतें, अन्न गोड लागत नाहीं व देह झडत जातो.

३. परीक्षा

सन १७६१ मध्यें विएन्ना शहरांतील औएनब्रुगर नांवाच्या वैद्यानें, छातीवर बोटांनीं ठोकून आंतील रोग कसा ओळखावा, याविषयीं एक ग्रंथ प्रसिद्ध केला. तो खाणावळवाल्याचा मुलगा होता. पिंपावर ठोकून आंत मद्य कोठपर्यंत आहे हें ओळखतात, त्यावरून त्यास ही युक्ति सुचली असें सांगतात. रिकामा रांजण व भरलेला रांजण यांचा आवाज निराळा येतो, हें आमच्या भगिनींसही ठाऊक आहे. आजही डॉक्टर पाठीवर बोटें ठोकून पाहतात व मग एक्स-रे किंवा सोनोग्राफी करवितात.

त्यानंतर सुईनें थोडें पाणी काढून तपासावें लागतें. "सुई घातली कीं मनुष्य दगावतो," ही भीति व्यर्थ आहे. रोग्यास पुढें वांकून बसवितात, पाठीवरील जागा औषधानें बधिर करितात व दोन बरगड्यांमधून सुई घालतात. पाणी फार असेल तर एका वेळीं साधारणतः दीड लिटरापर्यंतच काढितात, कारण दबलेलें फुप्फुस एकदम उघडणें बरें नव्हे. "एकदां काढलें कीं पुन्हां पुन्हां होतें," असेंही लोक म्हणतात. परंतु पाणी पुन्हां होतें तें मूळ रोग राहिल्यामुळें, सुईमुळें नव्हे.

४. कारणें

छातींतील पाणी हें स्वतः रोग नसून रोगाचें चिन्ह आहे. हृदय, यकृत किंवा मूत्रपिंड अशक्त झाल्यास पाणी सांचतें. न्युमोनियानें सांचतें, व त्याचा पू झाल्यास नळी घालून तो काढावा लागतो. कर्करोगानेंही सांचतें. परंतु आपल्या देशांत, विशेषतः तरुण माणसाच्या एकाच बाजूस पिवळसर पाणी आढळल्यास, डॉक्टर प्रथम क्षयाचा विचार करितात.

क्षयाचें हें पाणी पुष्कळदां औषधावांचून आपोआप आटतें, ताप जातो व मनुष्य कामास लागतो. हीच मोठी फसवणूक होय. अमेरिकेंतील अशा सैनिकांची पाहणी १९५५ सालीं प्रसिद्ध झाली. ज्यांस क्षयाचें औषध मिळालें नव्हतें, त्यांपैकीं निम्म्याहून अधिक जणांस पुढें क्षय उघडपणें जडला, असें तींत दिसून आलें.

५. उपचार

पूर्वीं क्षयरोग्यास घरदार सोडून आरोग्यधामांत राहावें लागे. मिरजेजवळ वानलेसवाडी येथें मिशनचें असेंच आरोग्यधाम होतें. पुढें १९५६ पासून मद्रास येथें गरीब रोग्यांवर प्रयोग झाले. नियमानें औषध घेतल्यास घरीं राहूनही रुग्णालयांतल्याइतकाच गुण येतो, असें सिद्ध झालें. आज साधारणपणें सहा महिने औषध घ्यावें लागतें, व तें सरकारी दवाखान्यांत फुकट मिळतें. त्यानें लघवी तांबूस होते. तिचें भय नको. डोळे पिवळे झाले, ओकाऱ्या होऊं लागल्या किंवा दृष्टि मंदावली, तर मात्र त्वरित डॉक्टरांस कळवावें.

दुसऱ्या महिन्यांत रोग्यास बरें वाटूं लागतें, आणि तोच परीक्षेचा काळ होय. नामान सेनापतीची गोष्ट आठवा. अलीशानें त्यास यार्देनेंत सात वेळां स्नान करावयास सांगितलें होतें. सहाव्या बुडीनंतर तो बाहेर निघाला असता तर? प्रार्थना करणाऱ्यानें औषध अर्ध्यावर सोडणें, ही श्रद्धा नव्हे. उपदेशक बंधूंनो, रोग्याच्या घरीं प्रार्थनेस जाल तेव्हां गोळ्यांचें पाकीटही पाहा. थुंकीची तपासणी झाली कीं नाहीं, घरांतील मुलांस दाखविलें कीं नाहीं, हेंही विचारा. रोग्यास कोणी वाळीत टाकूं नये. त्याचें भांडें निराळें ठेवण्याचें कारण नाहीं, परंतु खोकतांना त्यानें तोंडावर फडकें धरावें.

मंडळींत विचारण्याचे प्रश्न

(१) पाणी वाढत असतां कळ कां कमी होते?
(२) सुईनें पाणी काढून तपासणें कां अवश्य आहे?
(३) पाणी आपोआप आटलें तरी औषध कां घ्यावें?
(४) आपल्या गांवांत औषध अर्ध्यावर सोडलेला कोणी आहे काय? त्याजकडे या आठवड्यांत कोण जाईल?