घरकर्जाचा खरा हिशेब

घरासाठी कर्ज काढताना आपण फक्त हप्ता विचारतो. व्याजाचा धार्मिक प्रश्न आहेच; येथे आपण नुसता हिशेब पाहू.

समजा, कर्ज २० लाख, व्याज ९ टक्के, मुदत २० वर्षे. हप्ता सुमारे १७,९९५ रुपये. पहिल्या हप्त्यातले १५,००० व्याजात जातात. मुद्दल फिटते अवघे २,९९५. दहा वर्षांत २१.५९ लाख भरूनही सुमारे १४.२० लाख बाकी उरतात. एकूण फेड ४३ लाखांवर जाते.

मुदत १५ वर्षे केली, तर हप्ता सुमारे २,२९० रुपयांनी वाढतो. पण साडेसहा लाखांहून अधिक वाचतात. बदलत्या दराच्या वैयक्तिक घरकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड घेण्यास रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्ये बँकांना मनाई केली. म्हणून हंगामात गल्ल्यात चार पैसे जास्त आले, की आधी मुद्दल कमी करावे. आणि सही करण्यापूर्वी हप्त्यांचा पूर्ण तक्ता मागावा.