वचनचिंतन : हा कोणापैकी?

मिरज जंक्शन सीमाभागातल्या बहुतेकांच्या पायाखालचे आहे. 1971 साली पुणे-मिरज मार्ग ब्रॉडगेज झाला. बेळगाव-लोंढ्याकडे तेव्हा मीटरगेज होती आणि पंढरपूर-कुर्डुवाडीकडे नॅरोगेज. तिन्ही रुंदीचे रूळ एकाच स्थानकात! पुढे जायचे तर गाडी बदलणे भाग. म्हणून पंढरीचा वारकरी, बेळगावचा व्यापारी आणि मिरजेच्या दवाखान्यात आलेला रोगी एकाच बाकावर बसून राहत. आता सारे मार्ग ब्रॉडगेज आहेत, तरी बाक आहेत आणि वाट पाहणेही आहे.

बाकावरचा पहिला प्रश्न असतो, "कुठं निघालात?" हा प्रश्न चांगला. त्यावरून फलाट सांगता येतो, पिशवी उचलून देता येते. मग, "गाव कोणतं?" मग, "आडनाव काय?" आणि आडनावावरून उमगले नाही तर आवाज खाली आणून, "म्हणजे कोणापैकी?" या उत्तराशिवाय डब्यातली भाकरी पुढे करावी की नाही, हे ठरत नाही.

महात्मा बसवेश्वरांच्या 'इवनारव' या वचनात नेमका हाच शेवटचा प्रश्न नाकारला आहे. हा कोणाचा असे न विचारता आपलाच मानावे, अशी तेथे मागणी आहे. पण मागणारा कोण, ते पाहा. यजमानाने पाहुण्याशी कसे वागावे याचा उपदेश म्हणून आपण हे वचन वाचतो. वचनात मात्र बसवण्णा यजमान नाहीत. आपल्याला घरचा मुलगा म्हणवून घे, असे ते कूडलसंगमदेवाला विनवतात. म्हणजे अनोळखी माणूस ते स्वतःच आहेत! मग 'कोणापैकी' विचारायचा अधिकार आपल्याला कोठून आला? बाक रेल्वेचा, तिकीट दोघांनीही काढलेले.

कोणी म्हणेल, आम्ही जात विचारत नाही. खरे असेल. पण समोरच्याच्या कपाळी विभूती दिसली की आपण चटकन सरकतो, "शरणु शरणार्थी" म्हणतो. न दिसली की पिशवी बाकावरच राहते. हा तोच प्रश्न, फक्त डोळ्यांनी विचारलेला. विभूतीधाऱ्याचा आदर सोडावा असे मुळीच नाही. पिशवी मात्र कपाळ पाहण्याआधी उचलता येते.

या महिन्याच्या अनुभावगोष्टीत हे वचन म्हणताना एक करून पाहावे. शेवटची विनवणी आधी म्हणावी, तिचा अर्थ प्रत्येकाने आपल्या शब्दांत सांगावा, आणि मगच आरंभाकडे वळावे.