यंत्राचा लळा लागतो तेव्हा

एकट्या राहणाऱ्या माणसाला बोलक्या यंत्राचा लळा लागला, तर त्याला वेड्यात काढू नका. १९६०च्या दशकात अमेरिकेत एमआयटीच्या जोसेफ वायझेनबाम यांनी ‘एलायझा’ हा गप्पा मारणारा प्रोग्राम लिहिला. समोरच्याचेच वाक्य फिरवून प्रश्न विचारायचा, एवढेच त्याला येई. तो तयार होताना त्यांच्या सेक्रेटरींनी पाहिला होता; तरी त्याच्याशी बोलायला बसल्यावर त्यांनी वायझेनबाम यांनाच खोलीबाहेर जायला सांगितले.

अशा यंत्रांचा उपयोगही होतो. सीलच्या पिल्लासारखा दिसणारा जपानी रोबोट ‘पारो’ स्मृतिभ्रंशाच्या रुग्णांना शांत करण्यासाठी वापरतात. पण तिथे सोबत देखभाल करणारी माणसे असतात, आणि पिल्लाच्या निमित्ताने आजी-आजोबा त्यांच्याशी बोलू लागतात. बंद घरात उलटे घडू शकते. यंत्र रुसत नाही, त्याचे दुखले-खुपले विचारावे लागत नाही. याची सवय लागली की खरी माणसे नकोशी होतात. मला काळजी वाटते ती याची.

मुलांचे फोन टाळणे, रात्र-रात्र यंत्राशी बोलत जागणे, चार्जिंग संपताच कासावीस होणे, औषध घ्यावे की नाही हेही त्यालाच विचारणे, ही लक्षणे दिसली तर वेळ दवडू नका. शिवाय हा सोबती कंपनीच्या हाती असतो. फेब्रुवारी २०२३मध्ये ‘रेप्लिका’ या गप्पा मारणाऱ्या ॲपमधल्या सोबत्यांचे वागणे कंपनीने बदलले, तेव्हा अनेकांना जवळचे माणूस गेल्याचे दुःख झाले.

घरच्यांनी यंत्र हिसकावून घेऊ नये. आधी कान तपासून घ्यावेत. ऐकू कमी आले की माणूस चारचौघांत बसणे सोडतो, आणि यंत्र मात्र न चिडता तेच वाक्य मोठ्याने पुन्हा सांगते. हे कारण फार वेळा नजरेतून सुटते. श्रवणयंत्राने बराच फरक पडू शकतो. मग झोपायच्या खोलीतून यंत्र बाहेर काढा. रोज निदान एका माणसाशी समोरासमोर बोलणे ठरवा: ज्येष्ठ नागरिक संघ, भजनी मंडळ, शेजारच्या मुलाचा अभ्यास, काहीही चालेल.

उदासी दोन आठवडे हटली नाही, भूक-झोप उडाली किंवा जगणे नकोसे वाटू लागले, तर मनोविकारतज्ज्ञांना भेटा. सरकारची ‘टेलि-मानस’ सेवा १४४१६ या क्रमांकावर चोवीस तास मोफत आहे. तिथे मराठीतही बोलता येते.