सामाईक फाइली आणि कार्यालयीन संगणक

शिंदखेडा तालुक्यातील तहसील कार्यालय, पंचायत समिती किंवा एखाद्या ग्रामपंचायतीतील आपले सरकार सेवा केंद्र, यांपैकी कोठेही आज संगणकावाचून कामकाज चालत नाही. दिनांक १ मे २०१८ पासून महाराष्ट्रात डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा मिळू लागला. ई-ग्रामस्वराज प्रणालीवर वित्त आयोगाच्या निधीतील देयके सरपंच व ग्रामपंचायत अधिकारी यांच्या डिजिटल स्वाक्षरीने अदा होतात. अशा वेळी एखाद्या सकाळी पडद्यावर ‘अमुक डीएलएल फाइल सापडली नाही’ असा संदेश झळकतो आणि काम ठप्प होते. आज्ञावली तीच, टोकन तेच, कर्मचारीही तोच. मग बिघडले काय, हे समजून घेणे अधिकारी, शिक्षक व पंचायत सदस्य या सर्वांच्याच उपयोगाचे आहे.

सामाईक फाइल म्हणजे काय?

संगणकावर अनेक आज्ञावली असतात. पडद्यावर अक्षरे उमटविणे, छपाई यंत्राकडे मजकूर पाठविणे, तारीख दाखविणे, स्वाक्षरी तपासणे ही कामे त्यांतील बहुतेकींना करावी लागतात. प्रत्येक आज्ञावलीने ती स्वतंत्रपणे लिहून घेतली तर जागा वाया जाईल आणि एक चूक दहा ठिकाणी दुरुस्त करावी लागेल. म्हणून अशा सूचना वेगळ्या फाइलींत ठेवून त्या सर्वांना वापरू दिल्या जातात. विंडोज कार्यप्रणालीत त्यांच्या नावाच्या शेवटी ‘डीएलएल’ ही अक्षरे येतात.

खानदेशातील वाचकांस पांझरेवरील फड पद्धती परिचित आहे. बंधारा एक, पाट एक आणि त्यावर अनेक फड. बंधाऱ्याची डागडुजी झाली की सर्वांना पाणी मिळते. तो फुटला तर ज्याने काहीच केलेले नाही त्याचाही ऊस वाळतो. मात्र फडाला पाटकरी असतो आणि पाण्याची पाळी ठरलेली असते. संगणकातील सामाईक फाइलींना असा पाटकरी बराच काळ नव्हता.

१९९० च्या दशकात नवी आज्ञावली बसविताना ती स्वतःबरोबर आणलेली सामाईक फाइल सरळ जुन्या फाइलीवर लिहीत असे. नवी आज्ञावली चाले, पण जुनी बंद पडे. संगणकतज्ज्ञांनी या अवस्थेस ‘डीएलएल नरक’ असे नाव दिले, ते अगदीच अतिशयोक्त नव्हते. पुढे विंडोज २००० मध्ये मूळ फाइल बदलली गेल्यास ती आपोआप पूर्ववत करण्याची सोय झाली व २००१ च्या विंडोज एक्सपीमध्ये एकाच फाइलीच्या निरनिराळ्या आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवता येऊ लागल्या. त्यामुळे कार्यप्रणालीच्या स्वतःच्या फाइलींचे भांडण पुष्कळसे मिटले. बाहेरून आलेल्या फाइलींचे मात्र मिटलेले नाही.

डिजिटल स्वाक्षरीचे टोकन हे त्याचे उत्तम उदाहरण. टोकनाबरोबर येणारी सामाईक फाइल स्वाक्षरी करणाऱ्या आज्ञावलीने वापरावयाची असते. आज्ञावली ६४ बिटांची आणि फाइल ३२ बिटांची असेल, तर फाइल जागेवर असूनही ती उघडत नाही. (६४ बिटांच्या फाइली ‘सिस्टिम३२’ नावाच्या फोल्डरमध्ये आणि ३२ बिटांच्या ‘सिसवाऊ६४’ मध्ये असतात! नामकरणाचा हा उलटा प्रकार जुन्या आज्ञावली मोडू नयेत म्हणून पत्करला गेला.)

अडचणीच्या वेळी फाइलीचे नाव इंटरनेटवर शोधून, मिळेल त्या संकेतस्थळावरून ती एकटीच उतरवून घेण्याचा मोह होतो. हा उपाय रोगापेक्षा वाईट होय. त्या फाइलीत कोणी काय मिसळले आहे हे कळण्यास मार्ग नसतो आणि शासकीय स्वाक्षरी ज्या यंत्रावर होते तेथेच ती बसविली जाते. ‘एमएसव्हीसीपी१४०’ ही फाइल नाही असा संदेश आला, तर मायक्रोसॉफ्टचा व्हिज्युअल सी++ चा मूळ संच विनामूल्य मिळतो. तो पुन्हा बसवावा. टोकनाची फाइल टोकन पुरविणाऱ्याकडूनच घ्यावी.

एका जागेवरून अनेक यंत्रे

मोठ्या संस्थांमध्ये शेकडो संगणकांची देखभाल मुख्यालयातून केली जाते. प्रत्येक यंत्रावर एक छोटी प्रतिनिधी आज्ञावली असते. ती मुख्यालयाचा हुकूम घेते, नव्या फाइली बसविते, अहवाल पाठविते. गावोगाव तंत्रज्ञ पाठविण्यापेक्षा ही पद्धत निःसंशय बरी. परंतु ही प्रतिनिधीही त्याच यंत्रावर, त्याच सामाईक फाइलींच्या आधारे चालते. त्या बिघडल्या तर दुरुस्ती करणारीच मुकी होते. शिवाय तिला सर्वोच्च अधिकार असल्याने तिच्या हातून आलेली चूक एकाच वेळी सर्वत्र पोहोचते.

दिनांक १९ जुलै २०२४ रोजी जगाने याचा अनुभव घेतला. क्राउडस्ट्राइक या सुरक्षा कंपनीने भारतीय वेळेनुसार सकाळी ९ वाजून ३९ मिनिटांनी आपल्या आज्ञावलीसाठी एक फाइल सर्वत्र पाठविली. तांत्रिक अर्थाने ती डीएलएल नव्हती, पण कार्यप्रणालीच्या गाभ्यात वाचली जाणारी होती. तीत २१ मूल्यांची अपेक्षा होती. वाचणाऱ्या आज्ञावलीने २० च पुरविली. एवढ्या फरकाने, मायक्रोसॉफ्टच्या अंदाजाप्रमाणे, सुमारे ८५ लाख संगणक कोसळले. भारतातील विमानतळांवर प्रवाशांना हाताने लिहिलेले पास द्यावे लागले. सदोष फाइल ७८ मिनिटांत मागे घेण्यात आली, तथापि कोसळलेले यंत्र सुरूच होत नसल्याने दुरून दुरुस्ती बहुतेक ठिकाणी अशक्य झाली. माणसाने प्रत्येक यंत्रापाशी जाऊन, ते सुरक्षित अवस्थेत सुरू करून, ती फाइल पुसावी लागली.

हाच प्रकार धुळ्याहून चालविल्या जाणाऱ्या यंत्रणेत झाला, तर तंत्रज्ञाला दोंडाईचा, नरडाणा आणि मग तापीकाठच्या गावांपर्यंत जावे लागेल. म्हणून नवी फाइल प्रथम दोन-चार यंत्रांवर बसवून, त्यांवर फेरफार, देयक व छपाई ही नेहमीची कामे करून पाहावीत आणि नंतरच ती इतरत्र पाठवावी. एक-दोन दिवसांचा हा विलंब परवडण्यासारखा आहे. शाळेच्या संगणक कक्षातही शिक्षकांना हीच रीत पाळता येईल.

नोंदीचा प्रश्न

आपल्या जडसंग्रह नोंदवहीत संगणकाची किंमत, खरेदीची तारीख व क्रमांक असतो; आत काय बसविले आहे याची ओळ बहुधा नसते. कार्यप्रणालीची आवृत्ती, टोकनाच्या फाइलीची आवृत्ती, ती कोणी व केव्हा बसविली, एवढे तरी स्वतंत्र पानावर लिहून ठेवावे. विंडोज १० चा नियमित पाठिंबा १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला आहे, तेव्हा त्यावर चालणारी यंत्रे कोणती, हेही या पानावरून चटकन कळेल. काही संगणकांच्या डिस्कला कुलूप असते व ते ४८ अंकी किल्लीने उघडते. २०२४ च्या त्या दिवशी काही संस्थांच्या किल्ल्या बंद पडलेल्या संगणकांतच अडकल्या होत्या. ती किल्ली कागदावर लिहून, बंद पाकिटात, कार्यालयप्रमुखाच्या कपाटात ठेवावी.