मूकपटातील गाव आणि शहर

खेडे सोडून शहरात जाणाऱ्या माणसाचा विचार करताना शहराचे आकर्षण हेच स्थलांतराचे मुख्य कारण असे आपण सहज समजतो. मूकपटांच्या काळातील दोन चित्रपट मात्र आपली दृष्टी पुन्हा गावाकडेच वळवतात.

पहिला चित्रपट कोल्हापूरचा. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने १९२५ साली नारायण हरी आपटे यांच्या कथेवर ‘सावकारी पाश’ हा मूकपट काढला. त्यातील तरुण शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती. सावकाराच्या लोभापायी त्याची जमीन जाते आणि तो शहरात येऊन गिरणी कामगार होतो. ही कथा प्रेक्षकांना अपरिचित नव्हती. १८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुपे येथून दंगे सुरू झाले, तेव्हा शेतकऱ्यांचा रोष सावकारांच्या कर्जरोख्यांवरच होता. १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा होऊनही कर्जाचा फास सैल झाला नाही. लिहिता-वाचता न येणारा शेतकरी कागदावर अंगठा उठवी; त्या कागदात काय लिहिले आहे, हे सावकारच जाणे. मूकपटातील मजकूरही निरक्षर प्रेक्षकाला दुसऱ्याकडून वाचून घ्यावा लागे. नायकाची असहायता त्याला वेगळी समजावून सांगण्याची गरज नव्हती.

दुसरा चित्रपट जपानचा. मुराता मिनोरू यांच्या १९२१ च्या ‘रोजो नो रेइकोन’ (वाटेवरचे आत्मे) या चित्रपटात प्रवासाची दिशा उलट आहे. शहरात अपयशी ठरलेला मुलगा पत्नी व मुलीसह डोंगरातल्या घरी परततो. पिता त्याला क्षमा करीत नाही. अखेर मुलगा बर्फात प्राण सोडतो. याच कथेला समांतर अशी, तुरुंगातून सुटलेल्या दोघांची कथा गुंफलेली आहे. त्या दोघांवर मात्र एक परका रखवालदार दया करतो. जपानी चित्रगृहात ‘बेन्शी’ हा निवेदक पडद्याशेजारी उभा राहून सर्व पात्रांचे संवाद बोले. त्यामुळे पित्याचा नकार आणि मुलाची याचना एकाच कंठातून ऐकू येत.

एका चित्रपटात कर्ज माणसाला गावाबाहेर काढते, तर दुसऱ्यात पित्याचा ताठा त्याला पुन्हा आत घेत नाही. दोन्हींमध्ये शहर हे दुःखाचे मूळ नाही. दुःखाला घरीच प्रारंभ झालेला असतो. ‘सावकारी पाश’ची मूक आवृत्ती आज पाहावयास मिळत नाही. १९३६ साली पेंटरांनी याच कथेचा बोलपट केला. अकरा वर्षांनंतरही त्यांना ती पुन्हा सांगावीशी वाटली, यावरून हा प्रश्न किती जिवंत होता हे कळते.