निकाल लागेपर्यंत मुलांच्या फीचं काय?

प्रश्न : नवऱ्याने वसईच्या न्यायालयात घटस्फोटाचा अर्ज केला आहे. आम्ही दोघंही हिंदू. मी मुलांना घेऊन विरारला भावाकडे राहते. मुलगी सोळा वर्षांची, मुलगा नऊ. नवऱ्याचा वालीवला भागीदारीत गाळा आहे, पण व्यवहार बराचसा रोखीचा. तो म्हणतो, "तू शिकवण्या घेतेस, तुला पोटगी मिळणार नाही. मुलांचं निकालानंतर बघू." तोवर मी काय करू?
– एक भगिनी, विरार (पूर्व)

उत्तर : ताई, निकालाची वाट पाहू नका, या महिन्यातच अर्ज करा. नवऱ्याने लावलेल्या त्याच प्रकरणात हिंदू विवाह कायद्याच्या कलम २४ खाली तुमच्यासाठी अंतरिम पोटगी आणि वकिलाचा खर्च मागता येतो. मुलांसाठी कलम २६ आहे. शक्यतो नोटीस बजावल्यापासून साठ दिवसांत या अर्जांचा निर्णय व्हावा, असं कायदाच सांगतो. प्रत्यक्षात उशीर होतो, म्हणूनच अर्जाची तारीख फार महत्त्वाची.

ती किती महत्त्वाची, हे नागपूरच्या एका प्रकरणातून कळतं. तिथल्या एका पत्नीने २०१३ मध्ये पोटगीचा अर्ज केला. कौटुंबिक न्यायालयाचा आदेश आला ऑगस्ट २०१५ मध्ये : तिला महिना १५,००० रुपये, मुलाला आधी ५,००० आणि पुढे १०,०००. पण रक्कम मोजली गेली सप्टेंबर २०१३ पासून. नवरा आधी उच्च न्यायालयात आणि तिथे हरल्यावर सर्वोच्च न्यायालयात गेला. तिथे ४ नोव्हेंबर २०२० रोजी न्या. इंदू मल्होत्रा आणि न्या. सुभाष रेड्डी यांनी त्याच निकालात देशभरासाठी नियम घालून दिले. पोटगी अर्जाच्या तारखेपासूनच द्यायची, हा त्यातला एक. 'रजनेश विरुद्ध नेहा' हे नाव वकिलांना सांगा. अर्ज न करता घालवलेल्या महिन्यांची पोटगी सहसा हाती लागत नाही.

गाळ्याच्या रोख उत्पन्नावरही याच निकालात उपाय आहे. दोघांनीही उत्पन्न, मालमत्ता आणि देणी यांचं प्रतिज्ञापत्र द्यायचं : बँक खाती, कर्जाचे हप्ते, विमा, गाडी, भाडं, सगळं. पगारपत्रक नाही म्हणून उत्पन्न शून्य, असं कोर्ट मानत नाही. राहणीमानावरून अंदाज बांधतं. म्हणून हाताशी असेल ते जमवा : भागीदारीच्या कराराची प्रत, घरकर्जाच्या हप्त्यांच्या नोंदी, गाडीची कागदपत्रं, त्याने भरलेल्या शाळेच्या फीच्या पावत्या, त्याच्या खात्यातून तुमच्याकडे आलेले पैसे. आणि तुमच्या शिकवण्यांचं उत्पन्नही खरं सांगा. ते लपवलं आणि उघड झालं, तर तुमच्या बाकीच्या खऱ्या म्हणण्यावरचाही विश्वास उडतो. शिवाय लपवायचं कारणच नाही. बायको कमावते एवढ्यावरून पोटगी नाकारता येत नाही. नांदत असताना जसं राहत होतात तसं राहायला ती कमाई पुरते का, हे पाहिलं जातं.

"मुलांचं नंतर बघू" या वाक्याचा मला मनापासून राग येतो. मुलाची फी या जूनमध्ये भरायची असते. नवरा-बायकोत चूक कोणाची, हे ठरेपर्यंत त्याची इयत्ता थांबत नाही, आणि कायदाही त्याला थांबायला सांगत नाही. तडजोडीच्या वेळी हे विशेष लक्षात ठेवा. एक खोली नावावर करतो, मुलांचा हक्क सोडल्याचं लिहून दे, असा प्रस्ताव आला तर सही करू नका. तो हक्क मुलांचा आहे, तो सोडून देण्याचा अधिकार आईलाही नाही.

मुलगी दोन वर्षांत सज्ञान होईल. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ खालची (म्हणजे जुन्या १२५ ची) तिची पोटगी सर्वसाधारणपणे तिथे थांबते. पण १९५६ च्या हिंदू दत्तक व निर्वाह कायद्याचं कलम २० अविवाहित मुलीला पुढेही आधार देतं, तिला स्वतःचा खर्च भागवता येत नसेल तर. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२० मध्ये हे स्पष्ट केलं आहे. त्यासाठी तिला वेगळा दावा करावा लागेल. बारावीनंतरच्या शिक्षणाचा विचार आतापासून करा.

वसईतल्या ख्रिस्ती भगिनींनाही हा प्रश्न पडतो. त्यांना हिंदू विवाह कायदा लागू नाही. त्यांच्यासाठी १८६९ च्या घटस्फोट कायद्याचं कलम ३६ आहे, आणि कलम १४४ तर सर्व धर्मीयांना खुलं आहे.

वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. स्त्रियांना मोफत वकील मिळतो, त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. १५१०० वर फोन करूनही माहिती मिळते.

आदेशानंतर पैसे आले नाहीत, तर कलम २४ ची रक्कम दिवाणी हुकूमनाम्यासारखी वसूल करता येते. कलम १४४ खाली आदेश असेल तर वॉरंट निघतं, आणि प्रत्येक थकलेल्या महिन्यामागे एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते. कैद भोगली म्हणून थकबाकी मिटत नाही. मात्र वॉरंटसाठीचा अर्ज रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत करावा लागतो. ही तारीख वहीत लिहून ठेवा.