कॉलेजचा संघ आणि पेठेचा संघ

आपल्या गावचा मुलगा शिकायला कोल्हापुरास जातो. एक दिवस गुडघा फोडून लंगडत घरी येतो. घरची माणसे विचारतात, "अरे, तू शिकायला गेलास की खेळायला?" असे विचारणाऱ्या मंडळींसाठी हा धडा आहे. फुटबॉलचा हंगाम कसा चालतो आणि त्यात पोराचे काय पणाला लागते, हे आम्ही येथे सांगणार आहोत.

कुस्ती तुम्हांला ठाऊक आहे. कुस्तीत गडी एकटा. फुटबॉलात एका बाजूला अकरा गडी. पंचेचाळीस मिनिटे खेळ, मग विसावा, मग पुन्हा पंचेचाळीस मिनिटे. चेंडूला हात लावायचा नाही. ती मुभा गोलकीपरला, तीही आपल्या गोलापुढच्या आखलेल्या जागेतच. चेंडू बाजूच्या रेषेबाहेर गेला, तर मात्र तो हाताने आत फेकतात.

कोल्हापुरात गंमत अशी, की फुटबॉलसुद्धा तालमींचा! पाटाकडील तालीम, दिलबहार तालीम, बालगोपाल तालीम, खंडोबा तालीम. नावे ऐकून वाटेल की हे सारे मल्ल आहेत. पण आज ही नावे गाजतात ती शाहू स्टेडियमवर, फुटबॉलच्या सामन्यांत. शिवाजी तरुण मंडळ आणि प्रॅक्टिस क्लब हेही असेच नावाजलेले संघ. जागतिक स्पर्धा आली की परदेशी खेळाडूंचे मोठाले फलक चौकाचौकांत उभे राहतात. आम्हांला हे जरा जादा वाटते. पण हौसेला मोल नसते.

पेठांचा हंगाम हिवाळ्यात सुरू होतो आणि पाऊस आला की संपतो. कॉलेजचा हंगाम वेगळा. तो लहान असतो. शिवाजी विद्यापीठ १९६२ साली निघाले. कोल्हापूर, सांगली आणि सातारा या जिल्ह्यांतली कॉलेजे त्याच्याकडे आहेत. आधी विभागातल्या कॉलेजांचे सामने होतात. मग विभागा-विभागांचे. त्यांतून चांगले खेळाडू निवडून विद्यापीठाचा संघ होतो. तो पश्चिम विभागातल्या इतर विद्यापीठांशी खेळायला जातो. मुलींचेही संघ असतात.

सामने दोन तऱ्हांनी होतात. एक साखळी, दुसरी बाद. समजा आठ संघ आहेत. साखळीत प्रत्येकाने प्रत्येकाशी एकदा खेळायचे. एका संघाचे सात सामने झाले. सगळे मिळून किती? बोटांवर मोजून बघा. अठ्ठावीस होतात. बाद पद्धतीत हरला तो घरी गेला. आठांतून एक उरायचा, म्हणजे सात जण बाद व्हायचे. म्हणून सामनेही सातच.

साखळीत जिंकल्यास ३ गुण, बरोबरी झाल्यास १, हरल्यास काही नाही. आता हे वाचा. एका संघाने ४ सामने जिंकले, २ बरोबरीत सोडवले, १ हरला. त्याचे गुण १४. दुसऱ्याने ५ जिंकले, २ हरले. त्याचे गुण १५. जास्त वेळा हरलेला संघ वर गेला! वर्तमानपत्रात असा तक्ता येतो, तो आता तुम्हांला वाचता येईल.

कॉलेजचे सामने बहुधा बाद पद्धतीचे असतात. म्हणजे वर्षभराचा सराव आणि एक वाईट दुपार. तेवढ्यात हंगाम संपतो.

आता खरी अडचण ऐका. कॉलेजच्या संघात मंगळवार पेठेचा पोरगा असतो, शिवाजी पेठेचा असतो, आणि आपल्या गावचाही असतो. पेठेच्या सामन्यात पहिले दोघे एकमेकांसमोर उभे असतात. तिथे ईर्षा चालते. आणि कॉलेजसाठी त्यांनी एकच रंगाचा सदरा घालायचा! गोल समोर दिसतो आहे, पण मोकळा गडी दुसऱ्या पेठेचा आहे. चेंडू त्याला द्यायचा की नाही? जो देत नाही, तो आपल्याच संघाला बुडवतो. असा संघ कितीही ताकदीचा असो, दुसऱ्या गावचा साधा संघ त्याला लोळवतो.

ईर्षा वाढली की पाय चेंडूवर न पडता माणसावर पडतो. मग पंच पिवळे कार्ड दाखवतो. ती ताकीद. एकाच सामन्यात दोन पिवळी म्हणजे एक तांबडे. तांबडे मिळाले की गड्याने बाहेर जायचे. त्याच्या जागी दुसरा घेता येत नाही. दहा जणांनी अकरांशी झुंजायचे. रागावला एक, भोगायचे दहांनी.

याहून वाईट म्हणजे मैदानाबाहेरची मारामारी. कोल्हापुरात पेठांच्या समर्थकांत अशा हाणामाऱ्या झालेल्या आहेत. खेळणारा पोरगा त्यात ओढला गेला आणि पोलिसांत नाव लागले, तर पुढे फौजेत किंवा पोलिसांत भरती होताना चौकशीत ते नाव निघते. शेतकऱ्याच्या मुलाला हे परवडणारे नाही.

उलट नीट खेळला तर उपयोगही आहे. महाराष्ट्र शासनाच्या नोकऱ्यांत खेळाडूंसाठी ५ टक्के जागा राखीव आहेत. मात्र कोणत्याही कपाचे प्रमाणपत्र चालत नाही. कोणती स्पर्धा चालते, हे शासनाच्या निर्णयात लिहिलेले असते. २०१७ साली सतरा वर्षांखालील मुलांची जागतिक स्पर्धा भारतात झाली. भारताच्या संघात कोल्हापूरचा अनिकेत जाधव होता. भारत तिन्ही सामने हरला, तरी पेठेच्या मैदानावरून तिथवर वाट आहे, हे सगळ्यांनी पाहिले.

कॉलेजचा संघ पाठवताना खेळाडूंचे कागद द्यावे लागतात. वयाची अट असते आणि त्या वर्षी कॉलेजात नाव असावे लागते. एकाचा कागद खोटा निघाला, तर साऱ्या संघाला बाहेर काढू शकतात. तेव्हा पोरगा सुट्टीला आला की तो कागद मागून घ्या. जन्मतारीख शाळेच्या दाखल्याशी जुळते का, ते स्वतः वाचून पाहा.